नाकाचं हाड वाढलंय म्हणजे नेमकं काय वाढलंय?

वाचकाचा प्रश्न

पुण्यात नोकरी करणाऱ्या, मूळच्या कराडकडच्या २६ वर्षांच्या एका मुलीने लिहिलं आहे. दोनेक वर्षांपासून तिचं नाक चोंदतं, कधी डावी नाकपुडी, कधी उजवी. सकाळी उठल्याबरोबर शिंका सुरू होतात. महिन्यातून तीन-चार वेळा कपाळात आणि एका डोळ्यामागे ठणका लागतो, उजेड नकोसा होतो, मळमळतं. घरचे त्याला ‘सायनस’ म्हणतात. गेले आठ महिने रोज रात्री नाकात थेंब घातल्याशिवाय तिला झोप येत नाही. सीटी स्कॅनच्या रिपोर्टमध्ये लिहिलंय की पडदा डावीकडे वाकलेला म्हणजे डीएनएस आहे, त्यावर स्पर आहे, उजव्या बाजूला टर्बिनेट हायपरट्रॉफी आहे आणि शिवाय कॉन्का बुलोसा. एक डॉक्टर म्हणाले, हाड वाढलंय, ऑपरेशन करून टाका. दुसऱ्या म्हणाल्या, आधी तीन महिने स्प्रे वापरून बघू. आईचा ऑपरेशनला विरोध आहे, कारण मामाचं केलं होतं आणि ‘चार वर्षांत हाड परत वाढलं’. मावशीला असं एक ठिकाण माहीत आहे जिथे नाकात औषध लावून हाड ‘पाडून’ देतात. दिवाळीनंतर लग्न आहे. ती विचारते: हाड असंच वाढत गेलं तर? ऑपरेशनने नाकाचा आकार बदलेल का? लग्नाआधी उरकून टाकू की सासरी सांगून नंतर करू?

उत्तर

तुझं पत्र वाचलं आणि सगळ्यात आधी तुझ्या मनातली एक भीती काढून टाकावीशी वाटते. तुझ्या नाकात हाड वाढत चाललेलं नाही. आणखी पाच वर्षांनी ते नाकपुडीबाहेर येणार नाही, डोळ्याकडे सरकणार नाही, मेंदूपर्यंत जाणार नाही. पत्रात तू तीन वेळा ‘वाढत गेलं तर’ असं लिहिलंस. म्हणजे त्रास नाकाचा असला तरी झोप उडवली आहे ती या ‘वाढत’ने.

‘नाकाचं हाड वाढलंय’ हे वाक्य महाराष्ट्रात इतकं रुजलंय की आम्ही कान-नाक-घशाचे डॉक्टरही ते सर्रास वापरतो. बाहेर रांग असते, समोरच्याला चटकन समजेल असं काहीतरी सांगायचं असतं आणि हे वाक्य तयारच असतं. पण त्या एका वाक्याच्या पोटात किमान चार वेगवेगळ्या गोष्टी येतात. त्यांची कारणं वेगळी आहेत, उपचार वेगळे आहेत. तुझ्या घरात जो वाद चाललाय, त्यात मला वाटतं प्रत्येक जण वेगळ्याच गोष्टीबद्दल बोलतोय.

पहिली गोष्ट म्हणजे नाकाच्या मधला पडदा. दोन नाकपुड्या वेगळ्या करणारा हा पडदा पुढे कूर्चेचा असतो आणि मागे हाडाचा. तो एका बाजूला झुकलेला असला की त्याला डीएनएस म्हणतात. त्यावर कुठे टोकदार उंचवटा असेल तर तो स्पर. जन्माच्या वेळी नाकावर आलेला दाब, लहानपणी पडल्यावर लागलेला मार किंवा वाढीच्या वयात पडद्याचा एक भाग दुसऱ्यापेक्षा जास्त वाढणं, यातलं काहीही कारण असू शकतं. चेहऱ्याची वाढ थांबली की पडदाही जवळपास तसाच राहतो, पुन्हा मार बसला तर गोष्ट वेगळी. आणि पूर्ण सरळ पडदा असलेली माणसं फार थोडी. थोडाफार बाक बहुतेक प्रौढांच्या नाकात सापडतो आणि त्यातल्या बऱ्याच जणांना आयुष्यभर त्याचा पत्ताही नसतो. म्हणून रिपोर्टमध्ये ‘डीएनएस’ दिसणं म्हणजे आजार सापडणं नव्हे. तो तुझ्या नाकाच्या आतल्या रचनेचा तपशील आहे. त्या रचनेमुळे तुझा श्वास अडतो का, हे तपासून ठरवायचं असतं.

दुसरी गोष्ट टर्बिनेट. नाकाच्या बाहेरच्या भिंतीवर दोन्ही बाजूंना प्रत्येकी तीन टर्बिनेट असतात, आत पातळ हाड आणि त्यावर रक्तवाहिन्यांनी भरलेलं मऊ आवरण. श्वासातली हवा गरम आणि ओलसर करणं हे त्यांचं काम. ॲलर्जी, सर्दी, धूळ, धूर यांनी ते आवरण सुजतं. टॉर्च मारून आरशात पाहिलं की नाकपुडीत जो गुलाबी गोळा दिसतो आणि माणूस घाबरून ‘मांस वाढलंय’ म्हणत येतो, तो बहुतेक वेळा खालचा टर्बिनेटच असतो. तो प्रत्येकाला असतो. तुझा पडदा डावीकडे झुकलाय आणि उजवा टर्बिनेट मोठा दिसतोय, हेही ओळखीचं चित्र आहे. ज्या बाजूला जागा जास्त उरते, त्या बाजूचा टर्बिनेट फुगून ती भरून काढतो. कॉन्का बुलोसा म्हणजे मधल्या टर्बिनेटच्या आत हवेची पोकळी असणं. कितीतरी निरोगी लोकांच्या स्कॅनमध्ये ती दिसते, तिची काळजी करू नकोस.

तिसरी गोष्ट पॉलिप. नाकाच्या किंवा सायनसच्या अस्तराला दीर्घकाळ सूज राहिली की सोललेल्या द्राक्षासारखे फिकट, ओलसर कोंब तयार होतात. यात वास येणं कमी होतं, कधी पूर्ण जातं. पॉलिप मात्र खरंच वाढतात आणि काढल्यावर पुन्हाही होऊ शकतात. तुझ्या रिपोर्टमध्ये त्यांचं नावही नाही.

चौथी गोष्ट लहान मुलांची. तोंड उघडं ठेवून झोपणाऱ्या, घोरणाऱ्या, वरचेवर कान दुखणाऱ्या चार-पाच वर्षांच्या मुलाला ‘हाड वाढलंय’ असं सांगितलं जातं, तेव्हा बहुधा ॲडेनॉइडबद्दल बोलणं चाललेलं असतं. नाकाच्या मागे, घशाच्या वरच्या बाजूला असलेली ती टॉन्सिलच्या जातीची ग्रंथी आहे. तिचा हाडाशी काही संबंध नाही आणि मूल मोठं होताना ती आपोआप आक्रसते.

आता तुझ्या पत्राकडे येते. त्यातलं एक वाक्य मला रिपोर्टपेक्षा जास्त महत्त्वाचं वाटलं: ‘कधी डावी नाकपुडी बंद, कधी उजवी.’ पडदा डावीकडे वाकलेला असेल तर तो दिवसभर, रात्रभर, बाराही महिने डावीकडेच असणार. बंद होणारी बाजू बदलत असेल, तर बदलणारी गोष्ट पडदा नाही, सूज आहे. एका टर्बिनेटचं आवरण भरतं आणि दुसऱ्याचं ओसरतं, मग काही तासांनी उलट, हा क्रम निरोगी नाकातही चालू असतो. रिचर्ड कायझर या जर्मन डॉक्टरांनी १८९५ मध्ये त्याचं वर्णन केलं. आपल्याकडे योगाभ्यास करणारे लोक त्याच्या कितीतरी आधीपासून चंद्रनाडी, सूर्यनाडी (म्हणजे डाव्या आणि उजव्या नाकपुडीतला श्वास) आणि ‘स्वर बदलला’ असं म्हणत आले आहेत. एरवी हे आपल्या लक्षातही येत नाही. पण नाकात आधीच सूज असेल तर ज्या बाजूची पाळी असते ती पार बंद होते. कुशीवर झोपल्यावर खालची नाकपुडी बंद होते, तीही टर्बिनेटचं आवरण असंच भरल्यामुळे.

मग सूज कशाची? मला दोन कारणं दिसतात आणि दोन्ही तूच लिहिली आहेस.

पहिलं, ते रात्रीचे थेंब. झायलोमेटाझोलिन किंवा ऑक्सिमेटाझोलिन असलेले थेंब रक्तवाहिन्या आकसून नाक काही मिनिटांत मोकळं करतात, म्हणून ते इतके आवडतात. पण सलग तीन ते पाच दिवसांपेक्षा जास्त वापरले की परिणाम उतरताना आवरण आधीपेक्षा जास्त सुजतं, मग पुन्हा थेंब, पुन्हा सूज. याला राइनायटिस मेडिकामेंटोसा असं नाव आहे, म्हणजे औषधामुळेच होणारी नाकाची सूज. आठ महिने हे चाललं असेल तर तुझं नाक स्वतःहून किती बंद आहे आणि थेंबांमुळे किती, हे आज कुणीच सांगू शकत नाही. मी नाही, सीटी स्कॅन नाही, आणि ज्यांनी ऑपरेशन सुचवलं ते डॉक्टरही नाहीत. त्यांना थेंबांबद्दल सांगितलं होतंस का? पत्रात तसा उल्लेख नाही. बरेच जण सांगत नाहीत, कारण दुकानात चिठ्ठीशिवाय मिळणारी वस्तू त्यांना औषध वाटत नाही. दोघाही डॉक्टरांना ही गोष्ट आवर्जून सांग.

थेंब बंद करणं त्रासाचं आहे, हे आधीच सांगून ठेवते. पहिला आठवडा वाईट जातो, दोन आठवड्यांत बहुतेकांना फरक पडतो. एकदम दोन्ही बाजूंचे थांबवणं जमत नसेल तर आधी एकाच नाकपुडीतले बंद करायचे, ती मोकळी राहू लागली की दुसरीतले. हे करताना डॉक्टर सहसा स्टेरॉइडचा स्प्रे देतात. तुझ्या दुसऱ्या डॉक्टर जो सांगत होत्या, तो बहुधा हाच असावा, फ्लुटिकासोन किंवा मोमेटासोन. स्टेरॉइड हा शब्द ऐकून दचकू नकोस. हा स्प्रे नाकाच्या अस्तरावरच काम करतो, ठरलेल्या मात्रेत रक्तात फारच थोडा जातो. पण तो थेंबांसारखा लगेच नाक उघडत नाही. रोज न चुकता मारला तर पूर्ण गुण यायला आठवडा-दोन आठवडे जातात. ‘दोन दिवस मारला, काही झालं नाही’ म्हणून सोडून देणारेच जास्त. मारायची पद्धतही बघ. डाव्या नाकपुडीत उजव्या हाताने, उजवीत डाव्या हाताने, आणि टोक मधल्या पडद्याकडे न वळवता बाहेर कानाच्या दिशेने. पडद्यावर फवारा बसत राहिला तर तिथली त्वचा सुकते आणि रक्त येतं. मग लोक म्हणतात, स्प्रे सोसला नाही.

दुसरं कारण ॲलर्जी. उठल्याबरोबर शिंकांवर शिंका, हे तिचं नेहमीचं लक्षण. गादी-उशीतले धुळीचे किडे हा घराघरातला मोठा दोषी. उशांचे अभ्रे आणि चादरी आठवड्यातून एकदा कडक गरम पाण्यात धू, गादीला ऊन दाखव, झाडताना ओल्या फडक्याने पूस. भाड्याच्या खोलीत आधीच्या कुणाची तरी जुनी गादी वापरत असशील तर पहिल्यांदा ती बदल. पुण्यात आल्यापासून त्रास वाढला असेल तर गाजरगवताचाही विचार करायला हवा. काँग्रेस गवत म्हणतात ते हेच. भारतात त्याचा फैलाव पहिल्यांदा लक्षात आला तो पुण्यातच, १९५०च्या दशकात. त्याच्या परागांनी अनेकांना नाकाचा आणि त्वचेचा त्रास होतो. ॲलर्जीची तपासणी करायची की नाही ते डॉक्टर ठरवतील. पण एक लक्षात ठेव, पडदा सरळ करून शिंका थांबत नाहीत. शिंका ही अस्तराची तक्रार आहे.

मामांच्या बाबतीत जे झालं, त्याचं उत्तरही मला इथेच असावं असं वाटतं. मी त्यांना तपासलेलं नाही, म्हणून ठामपणे सांगत नाही. पण ‘चार वर्षांत हाड परत वाढलं’ असं सांगत येणाऱ्या माणसाचं नाक तपासलं की बहुधा तीनपैकी एक गोष्ट असते. एक तर पडदा ठीक असतो, पण ॲलर्जीवर कधी उपचारच झालेले नसतात आणि टर्बिनेट पुन्हा सुजलेले असतात. किंवा मुळात पॉलिप होते आणि ते पुन्हा आलेले असतात. किंवा कूर्चा, जिला आपल्या जुन्या वळणावर जायची सवय असते, ती थोडी परत वाकलेली असते. मामांकडे जुने कागद असतील तर ऑपरेशनचं नाव काय लिहिलंय ते बघ. एसएमआर लिहिलं असेल तर ती जुनी पद्धत. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला फ्रीअर आणि किलियन या शल्यविशारदांनी ती रूढ केली. तिच्यात पडद्याचा बराच भाग काढून टाकत. आता बहुतेक ठिकाणी सेप्टोप्लास्टी करतात, जिच्यात वाकडा भाग तेवढा काढून किंवा सरळ करून बाकीचा आधार जागेवर ठेवतात. आईला हे समजावताना तिचा अनुभव खोटा ठरवू नकोस. भावाला ऑपरेशन करूनही सुख लागलं नाही, हे तिने डोळ्यांनी पाहिलंय. फक्त त्याचं कारण वाढणारं हाड नव्हतं.

म्हणून ऑपरेशन वाईट, असं मात्र मी मुळीच म्हणत नाही. उलट, ज्यांचं नाक खरोखर पडद्यामुळे बंद आहे त्यांना त्याचा चांगला उपयोग होतो, आणि याला अलीकडचे नीट केलेले अभ्यास आहेत. नेदरलँड्समध्ये २०३ प्रौढांवर केलेला अभ्यास २०१९ मध्ये प्रसिद्ध झाला, ब्रिटनमधला ३७८ जणांवरचा २०२३ मध्ये. दोन्हींत पडद्यामुळे नाक बंद असलेल्या लोकांचे दोन गट केले, एकाचं ऑपरेशन केलं आणि दुसऱ्याला बिनऑपरेशनचे उपचार दिले. दोन्ही वेळा ऑपरेशनच्या गटाला जास्त आराम पडला. तेव्हा तीन महिने नियमाने स्प्रे मारून, थेंब सोडून, ॲलर्जी आटोक्यात आणूनही तुझी डावी नाकपुडी सतत बंदच राहिली, तर ऑपरेशनला ‘नको’ म्हणत वर्षानुवर्षं तोंडाने श्वास घेत बसण्यात काही अर्थ नाही. तेव्हा आनंदाने कर.

त्यात काय होतं, तेही सांगते. बहुतेक वेळा पूर्ण भूल देतात. नाकपुडीच्या आतूनच काम होतं, चेहऱ्यावर टाका नाही, व्रण नाही. त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी घरी सोडतात. काही डॉक्टर नाकात बोळे किंवा पातळ पट्ट्या ठेवतात, त्या काही दिवसांत काढतात. पहिले काही दिवस नाक पूर्ण चोंदलेलं असतं, तोंडाने श्वास घ्यावा लागतो आणि जीव कासावीस होतो. हे आधी कुणी सांगत नाही, म्हणून लोक घाबरतात. आठवडाभर सुट्टी धर, दोन-तीन आठवडे जड उचलणं, जिम, पोहणं नाही. खपल्या धरणं आणि आतली सूज पूर्ण उतरणं यात दोनेक महिने जातात. साध्या सेप्टोप्लास्टीत बाहेरून नाकाचा आकार बदलत नाही. आकार बदलायचं ऑपरेशन वेगळं. धोके कमी आहेत, पण आहेत: रक्तस्राव, जंतुसंसर्ग, पडद्याला छिद्र पडणं, वरच्या पुढच्या दातांना काही काळ बधिरपणा, क्वचित वासात फरक किंवा नाकाच्या दांड्याला खोलगटपणा. तुझ्या डॉक्टरांना हे मोकळेपणाने विचार. सोबत हेही विचार की माझ्या त्रासातला किती भाग पडद्यामुळे आहे असं तुम्हाला वाटतं, टर्बिनेटचं काही करणार का, आणि ऑपरेशननंतरही स्प्रे लागेल का. थेंबांचा परिणाम उतरल्यावर दुर्बिणीने नाक पुन्हा तपासून घ्यायला सांग. पडद्याचा निर्णय त्या तपासणीवर होतो. त्यासाठी पुन्हा सीटी करायची गरज सहसा पडत नाही.

मावशींच्या त्या ठिकाणी मात्र जाऊ नकोस. हे मी सौम्य करून सांगणार नाही. नाकात काहीतरी जाळणारं औषध लावून ‘हाड पाडून’ देणारे लोक आहेत. ते तुकडा काढून दाखवतात, तो बहुधा जळालेल्या अस्तराचा किंवा खपलीचा असतो. पडद्याला छिद्र पडलं किंवा नाकाच्या दोन भिंती आतून चिकटल्या की ते निस्तरणं मूळ दुखण्यापेक्षा अवघड जातं. प्रशिक्षित वैद्यांकडून नस्य घेणं, म्हणजे नाकात औषधी तेलाचे थेंब घालून घेणं, ही वेगळी गोष्ट आहे. कोरड्या नाकाला त्याने बरं वाटू शकतं. पण तेलाने कूर्चा सरळ होत नाही, आणि स्वतःच्या मनाने रोज नाकात तेल ओतत राहू नये, कारण ते फुफ्फुसात उतरून क्वचित त्रास देतं. जलनेती जरूर कर, ॲलर्जीत तिचा चांगला उपयोग होतो. मात्र पाणी उकळून कोमट केलेलं हवं, नळाचं थेट नको. साध्या पाण्यात क्वचित असा अमीबा असतो की तो नाकावाटे मेंदूपर्यंत जातो आणि जिवावर बेततं. पाव लिटर पाण्याला अर्धा छोटा चमचा मीठ पुरे.

आता डोकेदुखी. तिच्याबद्दल तू दोनच ओळी लिहिल्यास, पण मी तिथे थांबले. सायनस म्हणजे कवटीच्या हाडांमधल्या हवेच्या पोकळ्या, त्या सगळ्यांनाच असतात. आजार असतो तो सायनुसायटिस, म्हणजे त्यांची सूज. तिच्यात नाक बंद असतं, घट्ट पिवळा-हिरवा स्राव येतो, वास कमी होतो, चेहरा जड होतो. ठरावीक अंतराने एका डोळ्यामागे ठणकणं, उजेड नकोसा होणं, मळमळणं, ही अर्धशिशीची म्हणजे मायग्रेनची लक्षणं आहेत. २००४ मध्ये २,९९१ लोकांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला होता. ‘सायनसची डोकेदुखी’ असं स्वतः म्हणणारे किंवा डॉक्टरांनी तसं सांगितलेले हे लोक होते. त्यातल्या ८८ टक्के लोकांची लक्षणं मायग्रेनच्या प्रकारात बसत होती. मायग्रेनमध्ये नाक चोंदतं, डोळ्यांतून पाणीही येतं, म्हणून फसगत होते. तेव्हा महिनाभर वही ठेव. कधी दुखलं, किती तास, आधी जेवण चुकलं होतं का, जागरण होतं का, पाळीच्या आसपास होतं का. ती वही घेऊन फिजिशियन किंवा मेंदूविकारतज्ज्ञांकडे जा. डोकेदुखी थांबेल या आशेने नाकाचं ऑपरेशन करून घेशील तर निराश होण्याची शक्यता बरीच आहे, आणि मग तूही कुणाला तरी सांगशील की हाड परत वाढलं.

तुझ्यासारखाच रिपोर्ट हातात घेऊन हे वाचणाऱ्या इतरांसाठी काही गोष्टी, कारण त्यांत वेळ घालवून चालत नाही. एकाच नाकपुडीतून वारंवार रक्त किंवा रक्तमिश्रित स्राव येत असेल, विशेषतः चाळिशीनंतर, तर ‘हाडच असेल’ म्हणून घरी बसू नका. लहान मुलाच्या एकाच नाकपुडीतून घाण वास येत असेल तर आत शेंगदाणा, मणी, खडू काहीही असू शकतं, आणि घड्याळातला छोटा सेल असेल तर त्याच तासाला दवाखाना गाठा. नाकावर मार बसल्यावर एक-दोन दिवसांत दोन्ही बाजू बंद झाल्या आणि दुखू लागलं तर पडद्यात रक्त साठलेलं असू शकतं. ते लगेच काढलं नाही तर कूर्चा मरते आणि नाक बसतं. मधुमेह आटोक्यात नसलेल्या माणसाच्या नाकात काळी खपली, गालाला बधिरपणा किंवा डोळ्याला सूज दिसली तर ती काळी बुरशी म्हणजे म्युकरमायकोसिस असू शकते, २०२१ मध्ये आपण सगळ्यांनी ती पाहिलीय. आणि घोरण्यासाठी पडद्याचं ऑपरेशन करू पाहणाऱ्यांनी आधी झोपेची तपासणी करून घ्यावी. झोपेत श्वास थांबण्याचा आजार नुसत्या पडद्याच्या ऑपरेशनने सहसा जात नाही.

राहिला लग्नाचा प्रश्न. ‘आधीच उरकून टाकू’ यामागे असं गृहीत धरलेलं दिसतं की हा एक दोष आहे आणि तो सासरी दिसायच्या आत पुसायला हवा. वाकडा पडदा हा दोष नाही, तो कदाचित तुझ्या होणाऱ्या नवऱ्यालाही असेल आणि त्याच्या आईलाही. ज्याच्याशी लग्न करते आहेस, त्याला तू स्वतः सांग, आईवडिलांमार्फत निरोप नको. मला ॲलर्जी आहे, नाक बंद होतं, डोकं दुखतं, उपचार चालू आहेत, पुढे कदाचित छोटं ऑपरेशन लागेल. एवढं पुरे. उद्या त्याच्या शेजारी झोपताना खिडकी बंद करायची की उघडी ठेवायची, उदबत्ती लावायची की नाही, हे ठरवायला त्याला ते माहीत असायलाच हवं. तारीख गाठण्यासाठी ऑपरेशन करू नकोस. तीन महिने उपचार करून मग गरज ठरली आणि लग्नाला दोन महिन्यांपेक्षा जास्त वेळ उरला असेल तर कर, नाहीतर लग्नानंतर निवांत कर. उशिराने बिघडणारं यात काही नाही.

आरोग्य विम्याचं तू विचारलं नाहीस, पण नोकरी करतेस म्हणून सांगते. वैयक्तिक पॉलिसी नवीन असेल तर कान-नाक-घशाच्या अशा ऑपरेशनांसाठी बऱ्याच पॉलिसींत दोन वर्षं थांबायची अट असते. कंपनीच्या सामूहिक विम्यात ती अनेकदा नसते. एचआरकडून पॉलिसीची प्रत मागवून घे आणि लग्नानंतर नोकरी बदलायचा विचार असेल तर त्याच्या आधी वाच. नवीन पॉलिसी घेताना हा त्रास लपवू नकोस. पहिल्याच केसपेपरवर ‘दोन वर्षांपासून नाक बंद’ असं तुझ्याच तोंडचं लिहिलेलं असतं आणि क्लेम आला की कंपनी तो कागद मागवते.